एक घर कोरं

१

तुमच्यापैकी एकाने जरी बाईंना आणखी एक वर्ष दिलं असतं, तर मी ती रेघ ओढली नसती.

एक वर्ष. तेवढंही तुमच्या हातून सुटलं नाही. बावीस वर्षं तुम्ही त्यांना चर्चासत्रांना बोलावलंत, पहिल्या रांगेत बसवलंत, त्यांच्या पुस्तकांतली पानंच्या पानं उचलून स्वतःचे प्रबंध जाड केलेत. आणि शेवटच्या पुस्तकाची वेळ आली तेव्हा तुम्हाला एकदम कॅलेंडर दिसायला लागलं. मी हे कुणा एकाला उद्देशून लिहीत नाही. ज्याला लागेल त्याने लावून घ्यावं.

बाई ज्यांना माहीत नाहीत त्यांच्यासाठी सांगते. इस्लामी इतिहास, कला आणि शहरं या विषयावर त्यांनी सात पुस्तकं लिहिली. एक हमामखान्यांवर, एक फरशांवरच्या भौमितिक नक्षीवर, एक बाजारांवर, एक पुस्तकं बांधणाऱ्या कारागिरांवर. राजे आणि लढाया त्यांनी दुसऱ्यांना देऊन टाकल्या होत्या. "सुलतान कुठे झोपायचा ते सगळ्यांना ठाऊक आहे," त्या म्हणायच्या, "त्याचा खोगीरवाला कुठे झोपायचा ते सांगा." मी एम.ए.ला हा विषय घेतला तेव्हा कँटीनमध्ये एकाने मला विचारलं होतं, "बाकीचे विषय संपले होते का?" मी त्याच्याशी तासभर भांडले. बाईंना सांगितलं तर म्हणाल्या, "तासभर? तेवढ्यात एक खरेदीखत वाचून झालं असतं."

आठवं पुस्तक एका मोहल्ल्यावर होतं. चारशे वर्षांपूर्वीचा मोहल्ला. आज तिथे रुंद रस्ता आहे, त्यावरून बस जाते. एक वीट शिल्लक नाही. शिल्लक आहेत ती काझीच्या दफ्तरातली खरेदीखतं. घर विकलं की खतात त्याची चतुःसीमा लिहायची पद्धत होती. दक्षिणेला खोगीर शिवणाऱ्याचं घर, पूर्वेला विधवेचं घर आणि तिचं जातं, पश्चिमेला बंद बोळ. मग खोगीरवाल्याचं खत शोधायचं. त्याच्या उत्तरेला हे घर आलं की दोन घरं जुळली. फाटलेल्या कागदाचे तुकडे जुळवावेत तसं. या पद्धतीने बाईंनी बावीस वर्षांत त्रेसष्ट घरं एकमेकांना चिकटवली होती. मोठ्या ट्रेसिंग पेपरवर अख्खा मोहल्ला उभा होता: दारं, देवड्या, विहिरी, जिने.

चौसष्टावं घर मात्र कोरं होतं.

"माहीत नाही ते कोरं ठेवायचं," हा बाईंचा एकमेव नियम. बाकी सगळ्या बाबतीत त्या मला मोकळीक द्यायच्या.

२

मी रोज सकाळी नऊला बाईंच्या घरी पोचायचे. तिसरा मजला, लिफ्ट बंद. स्वयंपाक-झाडलोट करणाऱ्या मावशी दार उघडायच्या आणि ठरलेलं वाक्य टाकायच्या, "आल्या, तुफान आल्या. जा, पुस्तकांना आंघोळ घाला." तुफान हे माझं नाव बाईंनी ठेवलेलं. मावशींनी ते आनंदाने उचललं होतं.

पुस्तकांच्या खोलीत उत्तरेच्या भिंतीला जमिनीपासून छतापर्यंत सहा फळ्यांचं कपाट होतं. माझं पहिलं काम म्हणजे धूळ झटकायची आणि फूटपट्टी घेऊन प्रत्येक रांगेतली पुस्तकं फळीच्या कडेपासून बरोबर दोन बोटं आत सारायची. हे सोवळं कशासाठी, तर बाईंना आता मधलं दिसत नव्हतं. डोळ्यांच्या मधोमध एक भोक पडलं होतं, त्याच्या कडेकडेने जग दिसायचं. पुस्तक त्या हाताने शोधायच्या. "चौथी रांग, डावीकडून अकरावं" असं म्हणत बोटं पुस्तकांच्या पाठींवरून चालत जायची आणि अचूक थांबायची. एक पुस्तक पुढे आलं तरी त्यांची मोजणी चुकायची.

डॉक्टरांनी तीन महिने सांगितले होते. त्यानंतर कडाही जाणार होत्या.

मला बाईंच्या हातात छापलेलं पुस्तक ठेवायचं होतं, कडा शिल्लक असताना. आयुष्यात दुसरं काही इतकं हवं होतं असं मला आठवत नाही.

"एवढी काय घाई?" बाई म्हणायच्या. "पुस्तक पळून जातंय का?"

"तुमचे डोळे पळून चाललेत."

"मग जाऊ देत. तू वाचून दाखव. तुझा आवाज तसा बरा आहे, फक्त स्वल्पविरामाला थांबत जा."

३

परीक्षकांचा अभिप्राय आला तो एका पानाचा होता. काम मोलाचं आहे वगैरे झाल्यावर खाली लिहिलं होतं की नकाशाच्या मधोमध असलेली मोकळी जागा अपूर्णतेची भावना निर्माण करते. ती तर्काने भरावी, अन्यथा पुस्तक पुढच्या वर्षी विचारात घेऊ. आणि ही ग्रंथमाला याच वर्षी बंद होणार हे सगळ्या विभागाला माहीत होतं.

मी बाईंना पहिला परिच्छेद वाचून दाखवला. दुसरा गाळला.

हे मी पहिल्यांदाच केलं. मी वाचता वाचता अडखळले आणि बाई म्हणाल्या, "पाणी पी."

त्या मावशींबरोबर डॉक्टरांकडे गेल्या तेव्हा मी ट्रेसिंग पेपर टेबलावर पसरला. मोकळी जागा मी हजार वेळा पाहिली होती, पण ती भरायच्या नजरेने कधीच नाही. तिला चार शेजारी होते. चौघांच्या खतांत तिचा उल्लेख फक्त "घर" असा होता. बाकी सगळीकडे कुणाचं ना कुणाचं घर असायचं, सुताराचं, दाईचं, उंटवाल्याच्या भावाचं. इथे नुसतं घर. त्याच्या दाराचा उल्लेख कुठेच नव्हता.

दार कुठे असणार हे मात्र काढता येत होतं. त्या शहरांत दारासमोर दार उघडायची मनाई असे. समोरच्याच्या घरातलं दिसता कामा नये. आणि दारातून आत गेलं की सरळ अंगण लागत नाही. आधी अरुंद देवडी, मग वळण, मग अंगण. रस्त्यावरच्या माणसाला वळणाची भिंत तेवढी दिसते. हा नियम लावला की तीन बाजू बाद होत होत्या. उरली उत्तर.

आतली मांडणी करायला माझ्याकडे काहीच नव्हतं. एखाद्या समकालीन घराचा आधार घ्यायला हवा होता, त्याला आठवडा लागला असता. शेजाऱ्यांची मापं वजा करून क्षेत्रफळ काढलं. ते बाईंच्या या फ्लॅटएवढं निघालं, जेमतेम हातभर कमी. मला हसूच आलं. मी मेजरिंग टेप काढली, फ्लॅट मोजला, आणि तोच प्रमाणात बसवून तिथे काढला. मधल्या खोलीला अंगण म्हटलं. उत्तरेच्या भिंतीत दार ठेवलं. दारामागे देवडी, पाच पावलं सरळ, डावीकडे वळण, तीन पावलं. कडक पेन्सिलीने काढलं, म्हणजे स्कॅनमध्ये नीट उठेल.

वीस मिनिटांत झालं. बावीस वर्षांचं काम वीस मिनिटांत, असा एक फाजील विचारही मनात येऊन गेला. संध्याकाळच्या आत मी नकाशा स्कॅन करून छापखान्यात पाठवला.

४

दुसऱ्या दिवशी सकाळी चौथ्या रांगेतली पुस्तकं पुढे आलेली होती.

सगळी नाही. मधली दहा-बारा. फळीच्या कडेबाहेर बोटभर डोकावत होती. मी फूटपट्टीने ती आत सारली. मावशींना विचारलं, "तुम्ही हात लावलात?"

"मी? त्या पुस्तकांना? बाईंनी माझा हात कलम केला असता."

तिसऱ्या दिवशी पुन्हा. या वेळी दोन बोटं. मी फळीवर गोटी ठेवून पाहिली, उतार नव्हता. खाली रस्त्यावर खोदकाम चालू होतं, त्याचे हादरे असतील. पण हादऱ्यांनी एकच रांग का सरकेल? आणि सरकायचंच तर आतही सरकतील. ती दर वेळी बाहेरच आली होती. मागून कुणी तळहाताने हळूच लोटावीत तशी.

दुपारी बाई पडून असताना मी प्रुफं तपासत बसायचे. त्या वेळी मला तो आवाज पहिल्यांदा आला. पावलं. अनवाणी, सावकाश. पाच पावलं, मग थांबणं, मग तीन. थोड्या वेळाने पुन्हा पाच, थांबणं, तीन. कुणी येरझारा घालत असावं. वरच्या मजल्यावर असेल म्हणून मी वर जाऊन आले. वरचे लोक गावाला गेले होते, दाराला कुलूप होतं. खालच्या मजल्यावर टीव्ही चालू होता.

पाच आणि तीन हे मला कुठून ओळखीचं वाटतंय, असा विचार मनात आला आणि मी तो प्रुफांत दाबून टाकला. मी शिकलेली मुलगी आहे. भास कसे होतात यावर मी निबंध लिहिलेला आहे.

५

सुताराला बोलावलं. जाडजूड, गमत्या माणूस. कपाट पाहून म्हणाला, "एवढी वाचली का कुणी?"

"बाईंनी," मावशी आतून ओरडल्या. "आणि काही लिहिलीही आहेत. तुझं काम कर."

त्याने फळी ठोकली, लेव्हल लावली. मग चौथ्या रांगेतली चार पुस्तकं काढून मागच्या भिंतीवर बोटाच्या पेराने टकटक केलं. पुन्हा केलं. कान लावला. त्याच्या चेहऱ्यावरची गंमत हळूहळू उतरली.

"मॅडम, पलीकडे कोण राहतं?"

"पलीकडे कोणी नाही. ही बाहेरची भिंत आहे. पलीकडे हवा."

"बाहेरच्या भिंतीचा आवाज असा नसतो." तो खिडकीशी गेला, कमरेपर्यंत बाहेर वाकून भिंतीची बाहेरची बाजू पाहिली. तीन मजले खाली गाड्यांच्या शेडचा पत्रा, बाकी काही नाही. आत येऊन त्याने हत्यारं पिशवीत भरली.

"फळी सरळ आहे. कपाट सरळ आहे. मी दुसरीकडे वेळ दिलाय."

"अहो, पण पुस्तकं का सरकतात?"

"ते मला कसं कळणार? मी लाकडाचं बघतो." पुस्तकं परत जागेवर ठेवायला तो काही थांबला नाही.

त्याच संध्याकाळी बाई जेवता जेवता म्हणाल्या, "तुफान, ते दार लोटून घे गं. पायांना वारा लागतोय."

दारं सगळी बंद होती. बाईंचं तोंड पुस्तकांच्या खोलीकडे होतं.

"कुठलं दार, बाई?"

त्यांनी पायांशी चाचपून पाहिलं. नंतर म्हणाल्या, "हो, खरंच. कुठलं?" आणि घास तसाच ताटात ठेवला.

६

त्यांना कळलं ते बोटांनी.

शुक्रवारी मी गेले तर बाई टेबलाशी उभ्या होत्या. ट्रेसिंग पेपर समोर, दोन्ही हात त्यावर. पेन्सिल कडक होती, मी दाबून काढलं होतं. कागदावर खाच उठली होती. त्यांचं नख त्या खाचेतून चाललं होतं. भिंत. कोपरा. भिंत. देवडीशी आलं, पाच पावलांएवढं पुढे गेलं, डावीकडे वळलं.

"इथे रेघ कुणी ओढली?"

मी सगळं सांगितलं. दुसरा परिच्छेद, ग्रंथमाला, तीन महिने, टेप. फार भराभर बोलले. खरं सांगायचं तर मला वाटत होतं की त्या रागावतील, मी रडेन, त्या पाणी पी म्हणतील आणि विषय संपेल.

त्या रागावल्या नाहीत. खुर्ची चाचपून बसल्या.

"तुला वाटलं मला दार काढता आलं नाही? उत्तरेला येतं हे मला पहिल्याच वर्षी कळलं होतं. शाळकरी पोरालाही कळेल."

"मग?"

"शेजाऱ्यांची खतं तू एकेकच वाचलीस. एकाच घराची चार-चार खतं आहेत, दर विक्रीला नवीन. ती ओळीने वाचायची. दाईच्या घराला सुरुवातीला त्या बाजूने दोन खिडक्या आहेत. पुढच्या खतात एक. त्याच्या पुढच्यात एकही नाही. सुताराच्या घराचं तसंच. चौघांचं तसंच. बारा वर्षांत चारही घरांनी तिकडच्या खिडक्या बुजवल्या. गच्चीला भिंत घातली. नंतर तर त्या बाजूच्या खोल्याच विक्रीत येत नाहीत."

"का?"

"खतात का लिहीत नाहीत गं. किती हात आणि कुणाच्या शेजारी, एवढंच लिहितात."

तेवढ्यात पावलं वाजली. पाच. थांबणं. मी बाईंकडे पाहिलं. त्यांनी मान किंचित कलती केली होती, वर्गात मागच्या बाकावरून कुणी प्रश्न विचारला की करायच्या तशी.

तीन.

"किती दिवस?" त्यांनी विचारलं.

"दहा."

"आणि मला वाटत होतं माझे कानही चालले." त्या हसल्या, पण त्यात हसू नव्हतं. "तू तिथे माझं घर काढलंस, तुफान. दुसरं कुठलं मिळालं नाही का तुला?"

मी रबर घेतलं आणि खोडायला लागले. कागद फाटेस्तोवर खोडलं. शिसं गेलं, खाच राहिली.

"इथलं खोडून काय उपयोग? छापखान्यात गेलंय ना? तू जा. समोर उभी राहून थांबव. फोनवर ऐकत नाहीत ते."

"तुम्हाला एकटं सोडून?"

"मावशी बाजारातून येईल बाराला. जा म्हणते ना." मी दारात पोचले तेव्हा त्यांनी हाक मारली. "अगं, चिडून बोलू नकोस तिथे कुणाला. चूक त्यांची नाही."

कुणाची आहे ते त्या बोलल्या नाहीत. तुम्ही जेवढ्या वेळा त्यांचं काहीतरी घेतलंत, तेवढ्या वेळा त्या असंच गप्प राहिल्या होत्या. त्या दिवशी मी तुमच्या रांगेत जाऊन उभी राहिले.

७

छापखान्यातल्या फोरमनने मला यंत्राशी नेलं. ओल्या शाईचे ढीग लागले होते. नकाशा घडीपत्रक म्हणून सगळ्यात आधी छापला होता. "झालं की मॅडम हे सकाळीच. बांधणीला गेलं. चांगलं उठलंय, बघा." मधलं घर काळ्याभोर रेघांत उभं होतं. मी भांडले, मी ओरडले, बाईंनी सांगितलेलं मी विसरले. त्याने संपादकांना फोन लावून दिला. ते म्हणाले, आता काही होणार नाही, आणि परीक्षक अतिशय समाधानी आहेत.

परत यायला चार वाजले. ढग दाटले होते, जिन्यात दिवा लावावा लागला.

दार नुसतं लोटलेलं होतं. मावशी स्वयंपाकघरात भाजी चिरत होत्या. "बाई पुस्तकांच्या खोलीत आहेत. मगाचपासून एकट्याच बोलतायत. म्हटलं तुम्ही आलात का काय."

खोलीत बाई नव्हत्या.

चौथ्या रांगेतली पुस्तकं जमिनीवर होती. पडलेली नव्हती, ठेवलेली होती. मोजून, डावीकडून उजवीकडे, ज्या क्रमाने फळीवर असायची त्याच क्रमाने. पाचवी रांग खाली, तिच्यापुढे सहावी. सुटलेल्या फळ्या बाजूला टेकवून ठेवल्या होत्या. मधे एवढी जागा झाली होती की वाकून माणूस जाईल.

मी गुडघ्यांवर बसून आत पाहिलं.

चुन्याचा गिलावा दिसायला हवा होता. त्याऐवजी खोली होती. अरुंद, माणसाच्या खांद्यांएवढी रुंद, पाच पावलं लांब, आणि शेवटी एक भिंत. त्या भिंतीवर डावीकडून ऊन पडलं होतं. भर दुपारचं, पिवळंधमक ऊन. माझ्या मागे खिडकीत पाऊस येऊ घातला होता.

वळणापलीकडचं दिसत नव्हतं. दिसू नये म्हणूनच ते वळण असतं. ते मीच काढलं होतं.

पण ऐकू येत होतं. बाईंची काठी, टक, टक. तिच्या बाजूने दुसरी पावलं, अनवाणी, सावकाश, काठीशी जुळवून घेत. म्हाताऱ्या माणसाचा हात धरून चालताना आपण पाऊल आखडतं घेतो तशी. आणि बाईंचा आवाज. वर्गातला. खणखणीत, भरलेला, कित्येक वर्षांत मी न ऐकलेला. "म्हणजे विहीर इथे. आणि जिना पूर्वेला, बरोबर ना? मी तेच म्हणत होते."

त्या कुणाला तरी विचारत होत्या.

"बाई!" मी हाक मारली.

काठी थांबली. भिंतीवरच्या उन्हात एक सावली सरकली आणि थांबली. ती बाईंची नव्हती. ती वाकली, जशी दारात कोण आलंय ते पाहायला घरचं माणूस वाकतं.

मग बाईंचा आवाज आला. वर्गातला नव्हे. अगदी लहान.

"अगं," त्या म्हणाल्या. "हे सगळं कोरंच आहे."

मी आत शिरायला पाचव्या रांगेची उरलेली फळी धरून ओढली. फळी निखळून माझ्या अंगावर आली. डोळ्यांत धूळ गेली. डोळे चोळून पाहिलं तर समोर चुना होता. मी त्यावर नखं मोडेपर्यंत ओरबाडलं. मावशी धावत आल्या, मला मागून धरलं, "ताई, ताई, काय करताय?" भिंत थंड होती आणि तिचा आवाज बाहेरच्या भिंतीसारखा भरीव येत होता.

८

याला महिना झाला.

पुस्तक आलं. सुंदर छापलंय. तुम्हा परीक्षकांना प्रती पोचल्या, ग्रंथालयांना पोचल्या. घडीपत्रक उलगडून बघा, चौसष्ट घरं आहेत, एकही जागा मोकळी नाही. अपूर्णतेची भावना निर्माण होत नाही. बाईंबद्दल तुम्ही जे बोललात ते मी ऐकलं: वय झालं होतं, दिसत नव्हतं, कुठेतरी भरकटल्या असतील, त्या मुलीने लक्ष द्यायला हवं होतं. शेवटचं तेवढं बरोबर आहे.

मी रोज नऊला जाते. पुस्तकं फूटपट्टीने आत सारते. ती आता सरकत नाहीत. दुपारी कान लावून बसते, पावलं वाजत नाहीत. मी चिडत नाही कुणावर, चिडण्यासाठी जे लागतं ते संपलंय. कोऱ्या कागदावर भिंतीत दार काढून पाहिलं. मऊ पेन्सिलीने काढलं, कडक पेन्सिलीने काढलं, दाबून काढलं. शंभरेक तरी काढली असतील. एकाही दाराने मला घेतलं नाही.

काल हवालदार आले होते, फाइल बंद करायला. निवृत्तीला आलेले, शांत गृहस्थ. मावशींनी त्यांना चहा दिला. त्यांनी घरभर फिरून पुन्हा एकदा यादी तपासली. काठी नाही. भिंग नाही. औषधांची डबी नाही, कानटोपी नाही, उशाजवळचा रुमाल नाही, दात ठेवायची वाटी नाही. यातलं काही त्या दिवशी गेलं की आधीपासून हळूहळू जात होतं, हे मावशींना सांगता येईना, मलाही नाही.

त्यांनी माझी सही घेतली. पेनाचं टोपण लावलं, कप खाली ठेवला आणि सहज, चहाबद्दल बोलावं तसं बोलले.

"तीस वर्षं हरवलेली म्हातारी माणसं शोधतोय मी, मॅडम. घाईत निघालेलं माणूस काही ना काही विसरतंच, चष्मा तरी, चप्पल तरी. तुमच्या बाईंनी मात्र लागणारी एकूण एक वस्तू आठवणीने नेलीय. तुम्हाला तेवढं मागे ठेवलं."